हे कुठले प्रभावळकर?

मराठी माणसाला नट रस्त्यात भेटला, की तो त्याला त्याच्या नावाने ओळखत नाही. आपण पाहिलेल्या भूमिकेच्या नावाने ओळखतो. शिवाय ही ओळख तो स्वतःपाशी ठेवत नाही. बायकोला कोपराने ढोसून, नटाला ऐकू जाईल एवढ्या आवाजात ‘अगं, तो बघ’ असं सांगितल्याशिवाय त्याला चैन पडत नाही. एरवी ही पद्धत सोयीची आहे. पण दिलीप प्रभावळकर नावाच्या गृहस्थांच्या बाबतीत तिची पार दाणादाण उडते.

समजा, ते दादरला रानडे रोडवरून चालले आहेत. सत्तरी ओलांडलेले आजोबा म्हणणार, ‘चिमणराव!’ आजोबांचा मुलगा म्हणणार, ‘छे हो, तात्या विंचू!’ सुनेच्या मते ते चौकट राजातले नंदू. नात म्हणणार, टिपऱ्यांचे आबा. समोर थांबलेला टॅक्सीवाला, ज्याचा मराठी नाटकाशी काडीचा संबंध नाही, तो खिडकीतून मान काढून हात जोडणार, कारण त्याच्या लेखी हे साक्षात बापू. आणि २०२५ साली ‘दशावतार’ पाहून आलेला कोणी कोकणवाला असेल तर तो या सगळ्यांना बाजूला सारून ‘बाबुली मेस्त्री’ म्हणणार. एका माणसाची एवढी नावं रेशनकार्डावर निघाली असती, तर इन्स्पेक्टरने चौकशी लावली असती.

अशा माणसाचं कौतुक करायला आपल्याकडे दोन शब्द तयार असतात. एक ‘अष्टपैलू’ आणि दुसरा ‘बहुरूपी’. पैकी अष्टपैलू हा शब्द मला क्रिकेटमुळे संशयास्पद वाटतो. शिवाजी पार्कवर उभं राहून मॅच पाहणाऱ्यांना विचारा. ज्याची फलंदाजीही बेताची आणि गोलंदाजीही बेताची, पण ज्याला वगळायचा धीर निवड समितीला होत नाही, त्याला बहुधा अष्टपैलू म्हणतात. बहुरूपी हा शब्द त्याहून जुना आणि प्रेमळ, पण तो दारावर येऊन पोलिसाचं सोंग दाखवून चार आणे घेऊन जाणाऱ्याचा शब्द आहे. त्यात सोंगाला दाद आहे, सोंगाच्या आतल्या माणसाची विचारपूस नाही. गेली पन्नास वर्षं आपण प्रभावळकरांना हेच चार आणे देत आलो, अशी माझी तक्रार आहे. ‘काय मेकअप होता! ओळखूच आले नाहीत!’ असं म्हणून आपण घरी येतो आणि झोपतो. माझ्या मते हा नट वेषांतरात मोठा आहेच, पण वेषांतराचं कौतुक ओसरल्यावर, म्हणजे पाचेक मिनिटांनी, तो जो उरतो तो फार मोठा आहे.

सुरुवात चेटकिणीपासून झाली म्हटलं तरी चालेल. रत्नाकर मतकरींच्या बालनाट्यांतून जी मंडळी पुढे आली, त्यांतले हे एक. ‘अलबत्या गलबत्या’मधली चेटकीण त्यांनी केली. त्या चेटकिणीला घाबरून आईच्या पदरात तोंड खुपसलेली पोरं आज स्वतः आजोबा-आजी झाली असतील. याच काळात हा गृहस्थ औषधांच्या कंपनीत नोकरी करीत होता, हे लक्षात घ्या. शिक्षण जीवरसायनशास्त्राचं. म्हणजे रविवारी चेटकीण होऊन मुलांना घाबरवायचं आणि सोमवारी त्याच मुलांच्या खोकल्याची सोय पाहायची!

यात नवल करण्यासारखं काही नाही. मराठी नटाची हीच रीत होती. परळ-लालबागला गिरणीत पाळी करून संध्याकाळी दामोदरच्या रंगमंचावर शिवाजी महाराज होणारे कामगार होते, तसेच फोर्टातल्या हापिसात मस्टरवर सही करून रात्री गिरगावात साहित्य संघाच्या विंगेत उभे राहणारे कारकून होते. (ते दामोदर नाट्यगृह १९२२ सालचं. २०२३ साली ते बंद झालं आणि पुढे पाडलं गेलं. जिथे घाम गाळून आवाज कमावला गेला तिथे आता काय येणार, हा विषय हसण्याचा नाही म्हणून सोडून देतो.) नोकरीतला नट एक गोष्ट शिकतो. नाटक हे जगण्याचं साधन नसून जगण्यातली चोरलेली वेळ आहे. चोरलेल्या वस्तूची माणूस फार काळजी घेतो.

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. वरळीचा तो मनोरा उभा राहिला आणि गिरगावातल्या चाळींमध्ये एक नवीन जात निर्माण झाली : टीव्हीवाले. तोवर चाळीत श्रीमंती ओळखण्याच्या खुणा म्हणजे गोदरेजचं कपाट आणि दारावरची पितळी पाटी. आता टीव्ही असलेल्या बिऱ्हाडाचा दरवाजा हा सार्वजनिक मालमत्तेत जमा झाला. आमच्या मजल्यावर ज्यांच्याकडे टीव्ही होता, त्यांच्या दहा बाय बाराच्या खोलीत चिमणरावाच्या दिवशी तीस-पस्तीस माणसं सहज बसत. घरचा यजमान उंबऱ्याबाहेर उभा राहून माना उंचावून बघे. त्याला आपल्याच घरात जागा नसे. चिमणरावाचीही जगात नेमकी हीच अवस्था होती, त्यामुळे पडद्यावर आणि खोलीत एकच गोष्ट चालू आहे असं वाटे.

चिं. वि. जोशींचा चिमणराव हा त्याच्याही आधीचा, छापील पानांतला. १९४० साली ‘लग्न पहावे करून’ या चित्रपटात दामुअण्णा मालवणकरांनी तो पडद्यावर आणला होता. दामुअण्णांचा चेहराच असा, की त्यांनी काही करायच्या आधीच लोक हसत. प्रभावळकरांना ती सोय नव्हती. त्यांचा चेहरा तुमच्या-आमच्यासारखा, म्हणजे रेल्वेच्या पासावर शोभेल असा. तेव्हा त्यांनी चेहऱ्यावरून हसवण्याचा नाद सोडला आणि भीतीवरून हसवलं. त्यांचा चिमणराव बावळट नव्हता, घाबरलेला होता. हा फरक फार मोठा आहे. बावळट माणसाला आपण हसतो आणि विसरतो. घाबरलेल्या माणसाला हसताना मात्र मनात कुठेतरी आपला साहेब, आपला घरमालक, आपल्या सासुरवाडीची मंडळी येऊन जातात. शेजारी बाळ कर्व्यांचा भरभक्कम गुंड्याभाऊ. चिमणराव बोलण्याआधी एकदा गुंड्याभाऊकडे बघत आणि मग बोलत, तेही बहुतेक वेळा चुकीचंच. त्या बघण्यात अर्धा विनोद असे. वाक्याला हशा मिळवणारे नट पुष्कळ. वाक्याच्या आधीच्या अर्ध्या सेकंदाला हशा मिळवणारे थोडे, आणि ती गोष्ट नाट्यगृहात पंधराव्या रांगेपर्यंत पोचत नाही. तिला छोटा पडदाच लागतो. काळ्या-पांढऱ्या, मुंग्या येणाऱ्या त्या पडद्याने मराठीला पहिल्यांदा जवळून पाहायचा नट दिला.

वाईट इतकंच, की त्या मालिकेचे बहुतेक भाग आज पाहायला मिळत नाहीत. बालगंधर्वांच्या निदान तबकड्या उरल्या. दूरदर्शनवर आयुष्याची ऐन उमेदीची वर्षं घातलेल्या नटाचं काम मात्र तीस-पस्तीस माणसांच्या आठवणीवर सोपवलेलं असतं, आणि त्यांतली निम्मी वर गेलेली असतात. मी इथे चिमणरावाबद्दल जे लिहिलं ते तपासून पाहायची सोय तुम्हाला नाही. माझ्यावर विश्वास ठेवा, याखेरीज मी दुसरं काय सांगणार?

इंग्रजांच्या टेलिव्हिजनवर रॉनी बार्कर नावाचा असाच एक नट होऊन गेला. सत्तरच्या दशकात ‘पॉरिज’ या मालिकेत त्याने तुरुंगातला मुरलेला कैदी केला, दुसरीकडे किराणा दुकानाचा तोतरा मालक केला, आणि ‘टू रॉनीज’मध्ये तर काय काय केलं त्याची गणती नाही. शिवाय तो लिही. आणि लिहिलेलं स्वतःच्या नावावर न देता जेराल्ड वायली अशा खोट्या नावाने देई, म्हणजे लोकांनी भिडेखातर चांगलं म्हणू नये. आपलं नाव काढून घेऊन काम पुढे करायचं, ही वृत्ती मला आपल्या या गृहस्थाच्या जवळची वाटते. प्रभावळकरही लिहितात. मुलांसाठी बोक्या सातबंडे लिहिला, मोठ्यांसाठी ‘अनुदिनी’ लिहिली, आणि आपल्या भूमिकांविषयी पुस्तक लिहिलं त्याचं नावही ‘एका खेळियाने’. सम्राट वगैरे नाही, खेळिया.

आता ‘हसवाफसवी’. हे नाटक स्वतः लिहून त्यांनी त्यात सहा भूमिका केल्या आणि नव्वदच्या दशकात शिवाजी मंदिरबाहेर हाउसफुल्लची पाटी कायम लटकवून ठेवली. एकाने अनेक माणसं करण्याचं वेड आपल्याला जुनंच आहे. पुलंनी ‘बटाट्याची चाळ’ एकट्याने वसवली. लक्ष्मणराव देशपांड्यांनी अख्खं वऱ्हाड एकट्याने लंडनला नेलं. पण त्या दोघांनी कपडे बदलले नाहीत. आवाज आणि अंग बदललं, आणि माणूस बदलताना आपल्याला डोळ्यांदेखत दिसला. प्रभाकर पणशीकरांनी १९६२ पासून ‘तो मी नव्हेच’मध्ये पाच वेष घेतले, पण तिथे गोष्टच मुळी एका भामट्याची होती. सोंग हे त्या लखोबाचं होतं, पणशीकर ते त्याच्या वतीने वठवीत. हसवाफसवीत ही कुठलीच ढाल नव्हती. सहा वेगळी माणसं, सहा वेगळे मेकअप, आणि प्रत्येकाने स्वतःच्या पायावर उभं राहायचं.

मी ते पाहिलं तेव्हा माझ्या शेजारच्या खुर्चीवर एक सद्‌गृहस्थ होते. त्यांनी नाटक दुसऱ्यांदा पाहायला घेतलं होतं आणि पहिल्यांदा मिळवलेलं ज्ञान ते मला फुकट वाटत होते. ‘हे पण तेच बरं का.’ ‘आता येतील ते पण तेच.’ बाई आली. ‘ही पण तेच!’ मध्यंतरात बटाटावडा खाताना त्यांनी बोटं मोडून हिशेब केला, तेव्हा एक भूमिका कमी भरली. गृहस्थ अस्वस्थ झाले. तिकिटाचे पैसे सहा भूमिकांचे दिले होते ना!

खरं सांगायचं तर त्या सहांतल्या काही भूमिका मला आजही चुटक्यांसारख्याच वाटतात. दीप्ती लुकतुके आली की प्रेक्षागृह कोसळायचं, पण त्या हशात प्रभावळकरांनी साडी किती सफाईने नेसली आहे याचा वाटा मोठा. पुरुषाला साडी नेसवली की महाराष्ट्र विरघळतो. बालगंधर्वांसाठी आपले पूर्वज रडले, आपण हसतो, एवढाच फरक. पण शेवटी कृष्णराव हेरंबकर आले. ऐंशी ओलांडलेले, संगीत नाटकातले जुने गायक नट, थरथरत्या देहाचे. करणारा नट तेव्हा पन्नाशीचाही नव्हता. पहिल्या मिनिटाला मेकअपला टाळी पडली. पाचव्या मिनिटाला माझ्या शेजारच्या गृहस्थांनी मोजणं सोडलं. ‘हे पण तेच’ हे वाक्य त्यांच्या तोंडून आलं नाही. कृष्णरावांना आपण म्हातारे झालो याचं दुःख नव्हतं. ज्यांच्यासमोर गायलो ते सगळे आधी निघून गेले, याचं ते किंचित ओशाळलेपण होतं. आपण जरा जास्तच थांबलो, असं वाटणारा पाहुणा जसा खुर्चीच्या कडेला बसतो, तसे ते आयुष्याच्या कडेला बसले होते.

आणि इथे मला या नटाची किल्ली सापडते. त्यांची बहुतेक सगळी माणसं खुर्चीच्या कडेला बसतात. जगात आपण दुसऱ्याची जागा अडवतो आहोत असं वाटणारी ही माणसं. चिमणराव तसे. जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’तला मतिमंद मुलाचा बाप तसा. मुलाला घेऊन चारचौघांत वावरायचं तर आधी सगळ्यांची माफी मागितल्यासारखा चेहरा करणारा. आणि १९९१च्या ‘चौकट राजा’त तर हाच नट बापाच्या जागेवरून उठून मुलाच्या जागेवर जाऊन बसला. नाटकात बापाचं दुःख करायचं आणि सिनेमात त्या मुलाचं सुख करायचं! मी सुख म्हणतो ते विचारपूर्वक. ‘चौकट राजा’ हा रडवणारा चित्रपट आहे आणि काही ठिकाणी तो रडवण्यासाठी जरा जास्तच खटपट करतो. पण नंदू स्वतः रडवत नाही. सुलभा देशपांडे, स्मिता तळवलकर, अशोक सराफ, सगळे त्याच्यासाठी कासावीस होतात, आणि तो मात्र त्याच्या त्या छोट्या जगात मजेत असतो. दया मागणारा नट आणि दया न मागणारा नट यांच्यात जे अंतर आहे, ते या एका कामात मोजून घ्यावं.

दोनच वर्षांनी, १९९३ला, तात्या विंचू. इथे आमच्या मावशीचा उल्लेख आवश्यक आहे. लालबागच्या मावशीने ‘चौकट राजा’ पाहून दोन रुमाल भिजवले होते. त्यामुळे ‘झपाटलेला’तला तो खुनशी बाहुला म्हणजे हेच प्रभावळकर, हे तिने शेवटपर्यंत मान्य केलं नाही. ‘आडनावबंधू असतील,’ एवढंच ती म्हणे. तिला कोणीतरी पोस्टरवरचं नाव दाखवलं, तर ती म्हणाली, ‘छापणाऱ्यांच्या चुका काय थोड्या असतात?’ आता बाहुला रामदास पाध्यांचा, चित्रपट महेश कोठाऱ्यांचा, आणि पोरांची झोप उडाली ती दोघांच्याही कृपेने. पण नीट पाहिलंत तर तात्या विंचू हाही खुर्चीच्या कडेचाच माणूस. एवढा नामचीन गुंड, मृत्युंजय मंत्र मिळवतो, आणि अडकतो कशात, तर हातभर बाहुल्यात! त्याचा सगळा संताप हा लहान चणीच्या माणसाचा संताप आहे. चिमणरावाला मंत्र मिळाला असता तर तो असाच वागला असता, अशी मला दाट शंका आहे.

या सगळ्यांत मी सगळ्यात वर ठेवतो ते टिपऱ्यांच्या आबांना. ‘श्रीमंत गंगाधर टिपरे’ २००१ साली अल्फा मराठीवर सुरू झाली. तिचं मूळ प्रभावळकरांच्याच ‘अनुदिनी’त. तेव्हा हिंदी वाहिन्यांवर दागिने घालून झोपणाऱ्या सासवा आणि पुन्हा जिवंत होणारे नवरे यांची चलती होती. आणि इकडे टिपऱ्यांच्या घरात काय घडे? काही नाही. शिऱ्याचा अभ्यास, शलाकाचं कॉलेज, शेखरचं ऑफिस, श्यामलाची कामाची धावपळ, आणि या सगळ्यांत मिसळून, कोणाच्याही पायात न येता राहणारे आबा. केदार शिंद्यांनी ते घर अशा हलक्या हाताने मांडलं, की आपण मालिका बघतो आहोत की समोरच्या बिल्डिंगच्या खिडकीतून बघतो आहोत, असा संभ्रम पडे.

मेकअप बेताचा, आवाज नेहमीचा, नट सत्तावन्न वर्षांचा. लपायला एकही जागा नाही. आणि आबा करतात काय? ऐकतात. सून तक्रार करते, ऐकतात. नातू थापा मारतो, ऐकतात, आणि थाप आहे हे आपल्याला कळलं आहे एवढंच नातवाला कळू देतात. ऐकणं हा अभिनयातला सर्वांत अवघड आणि सर्वांत कमी पैसे मिळणारा प्रकार आहे. ज्याच्या तोंडी वाक्य असतं त्याच्यावर प्रकाश पडतो, ऐकणाऱ्याला अंधारात काम करावं लागतं. आबांना पाहून आमच्या परिचयातले निदान तीन सेवानिवृत्त गृहस्थ घरात कमी बोलू लागले. त्यांच्या सुना झी मराठीला अजून दुवा देत असतील.

२००६च्या ‘लगे रहो मुन्नाभाई’तले गांधीजी मला याच आबांचे थोरले बंधू वाटतात. बेन किंग्जलेने १९८२ साली अख्खे गांधी केले, दक्षिण आफ्रिकेपासून बिर्ला हाउसपर्यंत. प्रभावळकरांना करायचे होते ते एका टपोरीच्या डोक्यातले गांधी. म्हणजे मुन्नाला जेवढे समजले तेवढेच. जास्त महात्मा झाले असते तर मुन्ना पळाला असता, कमी झाले असते तर आपण चिडलो असतो. त्यांनी केलं काय, तर पुन्हा तेच. ऐकलं. समोरचा मवाली काय म्हणतो ते डोळ्यांत किंचित मिश्कील भाव ठेवून ऐकलं. त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार ‘लगे रहो’ आणि मराठीतला ‘शेवरी’ मिळून त्यांना मिळाला. सहायक! शब्द पाहा. भारतभर फुलं वाटत फिरायला लावणारी भूमिका सहायक ठरते. पण हा शब्द ठरवणाऱ्यांचा दोष नाही. ज्याला एकच चेहरा असतो तो नायक, ही आपली जुनी समजूत. एकच चेहरा असला की तो पोस्टरवर छापायला, कटआउटवर रंगवायला, पोराच्या शर्टावर काढायला बरा पडतो. याचा कुठला चेहरा छापणार?

म्हाताऱ्यांचं मात्र मला राहून राहून हसू येतं. हा माणूस तिशीत असल्यापासून म्हातारा होत आला आहे. मतकरींच्या ‘आरण्यक’मध्ये सत्तरच्या दशकात त्यांनी विदुर केला. युद्ध संपल्यावर धृतराष्ट्र, गांधारी, कुंती यांच्याबरोबर वनात निघालेला, थकलेला विदुर. तेव्हा केस पांढरे करायला पावडर लागत असेल. २०१८ साली मतकरींनी तेच नाटक पुन्हा उभं केलं, आणि धृतराष्ट्र तेच रवी पटवर्धन, विदुर तेच प्रभावळकर. चाळीसहून अधिक वर्षांनी पात्रांचं वय आणि नटांचं वय एकमेकांना गाठून एकत्र चालू लागलं होतं. दोन वर्षांनी, २०२० साली, मतकरी गेले, पटवर्धनही गेले.

आणि मग ‘दशावतार’. एक्क्याऐंशी वर्षांच्या नटाला मुख्य भूमिका, तीही रात्र-रात्र जागून देवांची नि दानवांची सोंगं घेणाऱ्या कोकणातल्या कलावंताची. मी तो दादरला पाहिला. मागच्या रांगेत कॉलेजची चार पोरं होती. मध्यंतरात त्यांतला एक दुसऱ्याला सांगत होता, ‘अरे, हे म्हातारे नवीन दिसतायत, पण काम काय करतायत!’